आदेश झाला, अंमलबजावणी होईना: अवमान याचिकेची तयारी कशी करावी

उच्च न्यायालयाचा आदेश आपल्या बाजूने लागून सहा-सहा महिने उलटतात, फाईल एका टेबलावरून दुसऱ्या टेबलावर फिरत राहते आणि चौकशीला गेले की ‘वरिष्ठांचे मार्गदर्शन मागवले आहे’ हे ठरलेले उत्तर मिळते. जानेवारीत गड्ड्याच्या यात्रेचे निमित्त असते, त्यानंतर मार्चअखेरची घाई आणि त्याही पुढे निवडणुकीची कामे. सोलापुरातील निवृत्त शिक्षक, महापालिकेचे माजी कर्मचारी आणि भूसंपादनाच्या वाढीव मोबदल्यासाठी थांबलेले शेतकरी यांना हे चक्र चांगले परिचयाचे आहे. अशा वेळी कोणीतरी सल्ला देतो की ‘कंटेम्प्ट टाका, साहेब सुतासारखे सरळ येतील.’ सल्ला चुकीचा नाही, पण अपुरा आहे. ही ‘कंटेम्प्ट’ म्हणजेच अवमान याचिका तग धरते की पहिल्याच तारखेला निकाली निघते, हे बहुतेक वेळा ती दाखल होण्यापूर्वीच्या महिन्यांत अर्जदाराने कोणते कागद जमवले यावर ठरते. म्हणून येथे याचिकेच्या मसुद्यापेक्षा त्याआधीच्या कामावर अधिक भर दिला आहे.

आदेशाचा शेवटचा परिच्छेद पुन्हा वाचा

निकालपत्र कितीही पानांचे असले तरी अवमानाच्या दृष्टीने महत्त्वाचा असतो तो त्यातील आदेशाचा भाग. त्यात तीन गोष्टी शोधाव्यात: आदेश नेमका कोणाला दिला आहे, त्याने काय करायचे आहे आणि किती मुदतीत करायचे आहे. निकालाच्या चर्चेत न्यायालयाने आपल्या बाजूने कितीही चांगले लिहिले असले, तरी आदेशात जे स्पष्टपणे सांगितलेले नाही ते अवमानाच्या कारवाईत मिळवता येत नाही. सुधीर वासुदेव खटल्यात २०१४ साली सर्वोच्च न्यायालयाने हीच मर्यादा ठळकपणे सांगितली. थकबाकी द्यावी असा आदेश असेल आणि त्यात व्याजाचा उल्लेख नसेल, तर व्याज दिले नाही म्हणून अवमान होत नाही.

सर्वांत जास्त निराशा पदरी येते ती ‘अर्जदाराच्या निवेदनावर विचार करून निर्णय घ्यावा’ अशा आदेशांत. असा आदेश हाती आल्यावर आपण जिंकलो असे अनेकांना वाटते, प्रत्यक्षात मिळालेली असते ती केवळ निर्णयाची हमी. कार्यालयाने निवेदन फेटाळले तरी आदेशाचे पालन झालेले असते. जे. एस. परिहार विरुद्ध गणपत दुग्गर या १९९६ च्या निकालापासून ही भूमिका पक्की आहे की आदेशानुसार एकदा निर्णय घेतला गेला, मग तो बरोबर असो की चूक, त्याला नव्याने आव्हान द्यावे लागते. अवमान याचिकेत त्याची गुणवत्ता तपासली जात नाही. त्यामुळे मूळ याचिकेच्या सुनावणीतच आपल्या वकिलांना सांगून ठेवावे की केवळ ‘विचार करण्याचा’ आदेश नको, आणि तो टळत नसेल तर निदान त्यात मुदत आणि सकारण निर्णयाची अट असावी.

मुदतीचे शब्दही बारकाईने पाहावेत. समजा २० जानेवारी २०२५ चा आदेश ‘आजपासून आठ आठवड्यांत’ असे म्हणत असेल, तर मुदत १७ मार्च २०२५ रोजी संपते. तोच आदेश ‘ही प्रत मिळाल्यापासून आठ आठवड्यांत’ असे म्हणत असेल आणि आपण प्रत १० फेब्रुवारीला कार्यालयात दिली असेल, तर मुदत ७ एप्रिलपर्यंत जाते. आणि प्रत दिलीच नसेल तर ती सुरूच झालेली नसते. आदेश संकेतस्थळावर दिसतो, वर्तमानपत्रात बातमी येते, साहेबांनाही सर्व माहीत असते, पण पोच नसल्यामुळे मुदत कधी संपली हे सिद्ध करता येत नाही, असे होऊ देऊ नये. आदेशात नावाची, तारखेची किंवा क्रमांकाची चूक राहिली असेल तर ती लगेच दुरुस्त करून घ्यावी. मुंबई उच्च न्यायालयात त्यासाठी ‘स्पीकिंग टू द मिनिट्स’ म्हणून छोटा अर्ज केला जातो. ही चूक अंगावर काढली, तर पुढे तीच समोरच्याच्या बचावाचा आधार बनते.

अवमान की दरखास्त?

न्यायालय अवमान अधिनियम, १९७१ च्या कलम २ (ब) नुसार न्यायालयाचा निर्णय, हुकूमनामा (डिक्री), निर्देश, आदेश किंवा रिट यांची हेतुपुरस्सर अवज्ञा करणे, अथवा न्यायालयाला दिलेल्या हमीचा हेतुपुरस्सर भंग करणे म्हणजे दिवाणी अवमान. न्यायालयाची बदनामी करणे किंवा न्यायदानात अडथळा आणणे हा फौजदारी अवमान निराळा. त्याची कार्यपद्धतीही निराळी असून येथे तिच्याशी आपला संबंध नाही. दिवाणी अवमानात ‘हेतुपुरस्सर’ या शब्दावर सगळी मदार असते. आदेशाचे दोन प्रामाणिक अर्थ निघत असतील किंवा पालन करणे त्या व्यक्तीच्या खरोखरच हाताबाहेरचे असेल, तर केवळ पालन झाले नाही एवढ्यावर शिक्षा होत नाही.

अवमानाची कारवाई न्यायालयाचा अधिकार राखण्यासाठी असते, वसुलीसाठी नव्हे. दिवाणी न्यायालयाचा हुकूमनामा असेल तर पहिला मार्ग दरखास्तीचा, म्हणजे त्याच्या अंमलबजावणीसाठी करायच्या अर्जाचा. पैशाच्या हुकूमनाम्याच्या दरखास्तीला बारा वर्षांची मुदत आहे; एखादी गोष्ट करण्यास भाग पाडणाऱ्या आज्ञार्थी मनाईच्या हुकूमनाम्याला मात्र तीनच वर्षे मिळतात, तर निरंतर मनाईच्या हुकूमनाम्याला मुदतीचे बंधन नाही. हुकूमनामा शासनाविरुद्ध असेल, तर दिवाणी प्रक्रिया संहितेच्या कलम ८२ मुळे त्याच्या तारखेपासून तीन महिने उलटेपर्यंत अंमलबजावणीचा हुकूम निघत नाही. भूसंपादनाच्या वाढीव मोबदल्यासाठी बेलिफ सरकारी कार्यालयात खुर्च्या आणि संगणक जप्त करायला आल्याच्या बातम्या आपण वाचतो, त्या याच दरखास्तींच्या असतात. खुर्ची जप्त होण्याची नामुष्की अनेकदा दहा स्मरणपत्रांपेक्षा अधिक काम करते, हे मान्य करायला हवे. २०२१ च्या राहुल शाह निकालात सर्वोच्च न्यायालयाने दरखास्त दाखल झाल्यापासून सहा महिन्यांत निकाली काढावी असे सांगितले आहे. दरखास्त रेंगाळत असेल तर त्या निकालाचा आधार घेऊन तारखा जवळच्या मागता येतात.

दावा चालू असताना मिळालेल्या तात्पुरत्या मनाईचा भंग झाला, उदाहरणार्थ जुळे सोलापुरात शेजाऱ्याने मनाई हुकूम असताना रात्रीतून भिंत उभी केली, तर त्याच दिवाणी न्यायालयात दिवाणी प्रक्रिया संहितेतील आदेश ३९ नियम २-अ खाली अर्ज करावा. त्यात मालमत्तेची जप्ती आणि तीन महिन्यांपर्यंत दिवाणी कैद अशी तरतूद आहे. भिंतीची छायाचित्रे, काम करणाऱ्या मजुरांची संख्या, पोलीस ठाण्यात दिलेल्या तक्रारीची पोच आणि शक्य असल्यास न्यायालयाने नेमलेल्या आयुक्तांचा पाहणी अहवाल हे सगळे पहिल्या दोन-तीन दिवसांतच गोळा करावे, कारण गिलावा झाल्यावर भिंत जुनीच होती असे सांगितले जाते. दाव्याचा अंतिम निकाल लागून हुकूमनामा झाला असेल आणि नंतर त्याचा भंग झाला असेल, तर नियम २-अ लागू पडत नाही. तेव्हा त्याच संहितेतील आदेश २१ नियम ३२ खाली दरखास्त करावी लागते. कंवरसिंह सैनी खटल्यात २०११ साली हा भेद स्पष्ट झाला आहे.

इतर काही आदेशांसाठी कायद्यातच वेगळी सोय असते. पोटगी थकली तर भारतीय नागरिक सुरक्षा संहितेच्या कलम १४४ खाली, रक्कम देय झाल्यापासून एका वर्षाच्या आत वसुलीचा अर्ज करावा. जिल्हा ग्राहक आयोगाचा आदेश बिल्डर मानत नसेल तर ग्राहक संरक्षण अधिनियम, २०१९ च्या कलम ७१ खाली अंमलबजावणी आणि कलम ७२ खाली शिक्षा असे दोन्ही मार्ग आहेत. कलम ७२ मधील शिक्षा किमान एक महिना ते तीन वर्षे कैद, किंवा पंचवीस हजार ते एक लाख रुपये दंड, किंवा दोन्ही अशी आहे, म्हणजे अवमान कायद्यापेक्षा कितीतरी कडक. राज्य शासनाचे कर्मचारी महाराष्ट्र प्रशासकीय न्यायाधिकरणात गेले असतील तर त्या न्यायाधिकरणाला स्वतःचा अवमानाचा अधिकार आहे आणि याचिका तेथेच करावी. जिल्हा परिषदेचे शिक्षक मात्र त्या न्यायाधिकरणाच्या कक्षेत येत नाहीत; त्यांचा आदेश बहुधा उच्च न्यायालयाचा असतो आणि अवमान याचिकाही उच्च न्यायालयातच होते.

आपसात तडजोड करून निकाल घेणाऱ्यांसाठी एक सूचना. तडजोडनाम्यावर आधारलेल्या हुकूमनाम्याचा भंग झाला म्हणजे आपोआप अवमान होत नाही, तशी हमी न्यायालयाला दिलेली असावी लागते. ‘प्रतिवादी अमुक तारखेपर्यंत जागा रिकामी करून देण्याची हमी न्यायालयाला देत आहेत व ती स्वीकारण्यात येत आहे’ असे वाक्य आदेशात येईल, याची काळजी तडजोडीच्या दिवशीच घ्यावी.

पोच, पत्र आणि टिपणी

आदेशाची प्रमाणित नक्कल लगेच मागवावी. उच्च न्यायालयाच्या आदेशाची स्वाक्षरीत प्रत संकेतस्थळावर मिळते आणि संबंधितांनी तिच्यावरून कार्यवाही करावी असे अनेक आदेशांत लिहिलेलेही असते, तरीही आवक टेबलावर ‘सहीशिक्क्याची प्रत आणा’ असे सांगून पाठवले जाऊ नये म्हणून प्रमाणित नक्कल जवळ असलेली बरी.

प्रत एकट्याने देऊ नये. तिच्यासोबत पत्र असावे आणि पत्रात आदेशातील नेमका परिच्छेद व मुदत संपण्याची तारीख लिहावी. निवृत्तिवेतनाच्या प्रकरणात ते पत्र साधारण असे असावे: ‘मा. उच्च न्यायालयाने माझ्या रिट याचिकेत दिनांक २० जानेवारी २०२५ रोजी दिलेल्या आदेशाची प्रमाणित प्रत सोबत जोडली आहे. आदेशाच्या परिच्छेद ६ नुसार ही प्रत मिळाल्यापासून आठ आठवड्यांत मला सुधारित निवृत्तिवेतन व थकबाकी अदा करावयाची आहे. प्रत आज, १० फेब्रुवारी २०२५ रोजी, आपल्या कार्यालयात सादर केली असल्याने ही मुदत ७ एप्रिल २०२५ रोजी संपते. थकबाकीचे विवरण, बँक पासबुकाची छायाप्रत व पीपीओ (निवृत्तिवेतन प्रदान आदेश) क्रमांक सोबत आहे. आणखी कोणतेही कागदपत्र आवश्यक असल्यास सात दिवसांत लेखी कळवावे.’ पत्रात धमकी, उपहास किंवा न्यायालयात खेचण्याची भाषा नको. शेवटच्या वाक्याचे महत्त्व मात्र मोठे आहे, कारण अवमानाच्या नोटिशीनंतर ‘अर्जदाराने कागदपत्रेच दिली नव्हती’ हा बचाव हमखास येतो आणि हे एक वाक्य तो मोडून काढते.

आपल्या प्रतीवर आवक शिक्का घेताना तारीख उमटली आहे का, आवक क्रमांक लिहिला आहे का आणि लिपिकाची सही आहे का, हे टेबलावरून हलण्यापूर्वीच पाहावे. नुसता गोल शिक्का पुढे काही कामाचा नाही. आदेश ज्यांना दिला आहे अशा प्रत्येकाला वेगळे पत्र द्यावे आणि त्याचीच प्रत पोचपावतीसह टपालाने पाठवावी. मुदत निम्मी संपल्यावर एक स्मरणपत्र आणि मुदत संपल्यावर वकिलामार्फत नोटीस पुरेशी होते. दर आठवड्याला पत्रे पाठवून कागदी घोडे नाचवल्याने प्रकरण मजबूत होत नाही, उलट वर्ष सरत जाते.

त्याच काळात माहिती अधिकाराचा एक अर्ज करावा, त्याला दहा रुपये शुल्क आणि तीस दिवसांची मुदत आहे. आपल्या आदेशाच्या फाईलवरील सर्व टिपण्या, पत्रव्यवहार, आणि मुदतीच्या काळात त्या पदावर कोण अधिकारी कोणत्या तारखेपासून कोणत्या तारखेपर्यंत होते, ही माहिती त्यात मागावी. अवमान ही व्यक्तिगत जबाबदारी असल्याने नुसत्या पदाविरुद्ध याचिका पुरेशी ठरत नाही. नाव लागते आणि त्या व्यक्तीला आदेशाची माहिती होती हेही दाखवावे लागते. ‘सादर, आदेशाचे अवलोकन व्हावे’ अशा टिपणीखाली अधिकाऱ्याची सही असेल, तर माहिती नव्हती हा बचाव तेथेच संपतो. अधिकारी बदलून गेले असतील तर त्यांच्या जागी आलेल्यांना लगेच प्रत आणि पत्र पुन्हा द्यावे.

वर्षाची मर्यादा

अवमान अधिनियमाच्या कलम २० नुसार अवमान घडल्याच्या तारखेपासून एक वर्ष उलटल्यानंतर कारवाई सुरू करता येत नाही. वरच्या उदाहरणात पालनाचा शेवटचा दिवस ७ एप्रिल २०२५ असल्याने ८ एप्रिलपासून वर्ष मोजावे आणि याचिका ७ एप्रिल २०२६ च्या पुरेशी आधी दाखल झालेली असावी. पल्लव शेठ खटल्यात २००१ साली सर्वोच्च न्यायालयाने सांगितले आहे की अर्ज वर्षाच्या आत दाखल झाला असल्यास न्यायालयाने नोटीस नंतर काढली तरी चालते. मात्र ‘पालन अजून झालेले नाही म्हणजे अवमान रोज नव्याने घडतो आहे’ या युक्तिवादावर विसंबून राहू नये; एस. तिरुपती राव या २०२४ च्या निकालात सर्वोच्च न्यायालयाने अशा युक्तिवादाला सरसकट दार उघडलेले नाही. कार्यालयाकडून येणारे ‘प्रस्ताव शासनाकडे पाठवला आहे’ असे प्रत्येक पत्र वर्ष नव्याने सुरू करून देत नाही, आणि चालढकलीचा खरा फायदा समोरच्याला मिळतो तो येथे.

आदेशात मुदतच नसेल तर पालन वाजवी वेळेत व्हायला हवे. पण वाजवी वेळ कधी संपली यावर वाद होतो आणि त्या वादात वर्षाचा हिशेब अडकतो. असा आदेश हाती असेल तर त्याच न्यायालयात मुदत ठरवून घेण्याचा अर्ज लवकर करणे अधिक सुरक्षित आहे.

याचिका आता कोल्हापुरात

पूर्वी उच्च न्यायालयाचे काम म्हणजे सिद्धेश्वर एक्स्प्रेसने रात्रभर प्रवास करून मुंबई गाठणे असे. १८ ऑगस्ट २०२५ पासून कोल्हापूर येथे मुंबई उच्च न्यायालयाचे सर्किट बेंच सुरू झाले असून सोलापूरसह कोल्हापूर, सांगली, सातारा, रत्नागिरी आणि सिंधुदुर्ग हे जिल्हे त्याच्या कक्षेत आहेत. जुना आदेश मुंबईतून झाला असल्यास मूळ प्रकरणाची नोंद आता कोठे आहे हे आधी पाहून घ्यावे आणि त्याप्रमाणे दाखल करावे. वकिलांचे शुल्क परवडत नसेल तर जिल्हा विधी सेवा प्राधिकरणाकडे जावे. स्त्रिया, अनुसूचित जाती-जमातींच्या व्यक्ती, दिव्यांग आणि औद्योगिक कामगार यांना मोफत विधी साहाय्याचा हक्क आहे.

याचिका आटोपशीर असावी. मूळ आदेश, पत्रांच्या पोच, स्मरणपत्र, नोटीस, माहिती अधिकारात मिळालेल्या टिपण्या आणि एका पानावर तारखांचा तक्ता एवढे प्रतिज्ञापत्रासह जोडले की पुरते. मूळ प्रकरणातील अन्यायाची कहाणी पुन्हा सांगू नये. जिल्हाधिकाऱ्यांपासून मुख्य सचिवांपर्यंत सर्वांना प्रतिवादी करण्याचा मोहही टाळावा. ज्याच्या सहीने पालन व्हायचे आहे तो एक किंवा दोन अधिकारी पुरेत. पहिल्याच तारखेला साहेब पिंजऱ्यात उभे राहतील अशी अपेक्षा धरणाऱ्यांनी जानेवारी २०२४ मधील सर्वोच्च न्यायालयाची कार्यपद्धती लक्षात घ्यावी, ज्यानुसार अधिकाऱ्यांना प्रत्यक्ष हजर राहण्याचे आदेश सहजासहजी देऊ नयेत असे अपेक्षित आहे.

‘आम्ही अपील केले आहे’ हे उत्तर आले तर एकच प्रश्न विचारावा, स्थगिती मिळाली आहे का? केवळ अपील दाखल केल्याने मूळ आदेश थांबत नाही. तरीही स्थगितीचा अर्ज प्रलंबित असेल तर न्यायालय आधी त्यावर निर्णय होऊ देण्याची शक्यता असते, म्हणून त्या अपिलात हजर राहून स्थगितीच्या अर्जाला विरोध करणे हेही आपलेच काम ठरते.

कार्यालयाच्या, संस्थेच्या किंवा सोसायटीच्या बाजूने जे हा लेख वाचत असतील त्यांच्यासाठी थोडक्यात इतकेच की मुदतीत पालन शक्य नसेल तर मुदत संपण्यापूर्वी, आतापर्यंत काय केले आणि नेमका किती अवधी हवा हे तारखांसह लिहून, वाढीव मुदतीचा अर्ज न्यायालयात करावा. वरिष्ठांना पाठवलेले पत्र हा त्या अर्जाला पर्याय नाही. कायद्यातील शिक्षा सहा महिन्यांपर्यंत साधी कैद, दोन हजार रुपयांपर्यंत दंड किंवा दोन्ही इतकीच आहे, आणि १९७१ सालची ही दंडाची रक्कम आज हास्यास्पद वाटते. परंतु लाकूड कारखान्यांच्या परवान्यांच्या प्रकरणात २००६ साली महाराष्ट्राचे मंत्री स्वरूपसिंह नाईक आणि प्रधान सचिव अशोक खोत यांना सर्वोच्च न्यायालयाने प्रत्येकी एक महिन्याची कैद दिली होती.

उशिराने पालन झाले तर

नोटीस गेल्यावर बहुतेक प्रकरणांत पुढच्या तारखेपूर्वी धनादेश निघतो आणि बिनशर्त माफीचे प्रतिज्ञापत्र येते. उशिराच्या पालनाने झालेला अवमान पुसला जात नाही, पण माफी प्रामाणिक वाटली तर न्यायालय शिक्षा न करता प्रकरण संपवू शकते, आणि तसेच बहुधा घडते. याचिका फेटाळली गेली तर कलम १९ खालचे अपील अर्जदाराला मिळत नाही, ते शिक्षा झालेल्यासाठी आहे. त्यामुळे प्रकरण बंद होण्यापूर्वीचा हा टप्पा काळजीने हाताळावा.

पालनाचे प्रतिज्ञापत्र हाती पडल्यावर त्याच दिवशी ‘समाधान झाले’ असे न सांगता पडताळणीसाठी एक आठवडा मागावा. थकबाकी कोणत्या तारखेपासून धरली, महागाई भत्ता कोणत्या दराने लावला, वसुली म्हणून काही कापले का, हे आपल्या विवरणाशी ओळीओळीने ताडून पाहावे. तफावत आढळल्यास ती आदेशाच्या शब्दांत बसणारी आहे की नवा वाद आहे हे ठरवून, पहिल्या प्रकारची तफावत लेखी तक्त्यासह त्याच याचिकेत मांडावी. दुसऱ्या प्रकारची असेल तर याचिका निकाली काढताना ‘उर्वरित रकमेबाबत अर्जदारास योग्य त्या ठिकाणी दाद मागण्याची मुभा राहील’ अशी नोंद आदेशात करून घ्यावी आणि त्या आदेशाच्याही नकलेसाठी त्याच दिवशी अर्ज द्यावा.